मधली लेन आत्ता कुणाची? दिशा बदलणाऱ्या लेनबद्दल वाचकांचे प्रश्न

सकाळी शहरात येणाऱ्यांची आणि संध्याकाळी शहराबाहेर पडणाऱ्यांची, अशी एकच लेन वेळेप्रमाणे दिशा बदलते, तेव्हा तिथे सवय कामाला येत नाही. उलट सवयच घात करते. 'काल याच लेनमधून गेलो होतो' हे कारण इथे अजिबात चालत नाही, कारण काल घड्याळात वेगळी वेळ होती. गेल्या काही आठवड्यांत आलेल्या पत्रांतून निवडलेल्या प्रश्नांना ही उत्तरं.

प्रश्न : आम्ही अमेरिकेत मेरीलँडला राहतो. चेसापीक बे ब्रिजवर डोक्यावर हिरवे बाण आणि लाल फुल्या दिसतात. मध्येच पिवळी फुली लागली तर लगेच लेन सोडायची की पूल संपेपर्यंत जाता येतं?

हिरवा खालच्या दिशेचा बाण म्हणजे ही लेन आत्ता तुमच्या दिशेची आहे. लाल फुली म्हणजे तुमच्यासाठी बंद, मग ती कितीही मोकळी दिसो. पिवळी फुली म्हणजे ही लेन थोड्याच वेळात लाल होणार, तेव्हा बाहेर पडायला लागा. 'लगेच' याचा अर्थ ब्रेक दाबून स्टिअरिंग फिरवणं असा नाही. आरसा, इंडिकेटर, खांद्यावरून मागे एक नजर, आणि मग शेजारच्या हिरव्या बाणाच्या लेनमध्ये जागा मिळताच शिरायचं. जागा मिळाली नाही तर वेग थोडा कमी करून मागच्या गाडीच्या पुढे शिरा, पण लेनमध्ये थांबू नका. पूल संपेपर्यंत तसंच जायचं हा पर्याय नाही.

यामागचा हिशेब बघा. तिथे दोन पूल आहेत. १९५२ चा दोन लेनचा पूर्वेकडे जाणारा, आणि १९७३ चा तीन लेनचा पश्चिमेकडे जाणारा. पूर्वेकडची गर्दी वाढली की तीन लेनच्या पुलावरची एक लेन पूर्वेकडे दिली जाते. पूल सुमारे ४.३ मैलांचा. ताशी ५० मैलांनी तो ओलांडायला पाच मिनिटांहून थोडं जास्त लागतं, ३५ नी गेलात तर साडेसात मिनिटांच्या आसपास. लेन उलटी करायची तर शेवटची गाडी बाहेर पडेपर्यंत तिच्यावर दोन्ही बाजूंनी लाल फुली ठेवावी लागते. म्हणजे पिवळ्या फुलीखाली रेंगाळलेली एक गाडी त्या रिकाम्या ठेवलेल्या मिनिटांमधली मिनिटं खाते. म्हणून दोन्ही बाजूंना लाल फुली आणि मध्ये रिकामी लेन दिसली की 'यंत्रणा बिघडली' असं समजू नका. ती रिकामी ठेवणं हेच तेव्हा यंत्रणेचं काम असतं.

आणि दिवाच बंद असेल तर? बंद दिवा म्हणजे बंद लेन असं समजून कडेच्या लेनमध्ये या.

प्रश्न : मला लाल-हिरवा फरक नीट कळत नाही. अशा लेनमधून गाडी चालवणं माझ्यासाठी धोक्याचं आहे का?

आकार तुमच्या बाजूने आहे. परवानगीचा बाण आणि मनाईची फुली, दोन्ही आकाराने वेगळे ठेवले आहेत. अडचण एकाच ठिकाणी येते. पिवळी आणि लाल फुली दोन्ही फुल्याच, आणि पिवळा-लाल फरकही तुम्हाला अवघड जाऊ शकतो. तुम्ही नियम सोपा करून टाका. कुठलीही फुली दिसली की लेन सोडायची. त्याने फार तर एखादं मिनिट आधी बाहेर पडाल, नुकसान काहीच नाही.

प्रश्न : अमेरिकेतल्या फिनिक्स शहरात सेव्हन्थ स्ट्रीटवर मधली लेन कधी वळण्यासाठी असते तर कधी सरळ जाण्यासाठी. त्यात समोरून कुणी आलं तर काय? आणि डावीकडे वळायचं तर कसं?

सेव्हन्थ स्ट्रीट आणि सेव्हन्थ ॲव्हेन्यू हे दोन्ही रस्ते असेच आहेत. सोमवार ते शुक्रवार सकाळी ६ ते ९ मधली लेन शहराच्या मध्याकडे, म्हणजे दक्षिणेला, आणि संध्याकाळी ४ ते ६ उत्तरेला. बाकीच्या वेळात तीच लेन दोन्ही बाजूंच्या गाड्यांना डावीकडे वळण्यासाठी असते. सगळा गोंधळ वेळेच्या काठावर होतो. ८ वाजून ५८ मिनिटांनी लेन एकाची असते आणि ९ वाजून २ मिनिटांनी दोघांची.

रस्त्यावरचे पट्टे ओळखायला शिका. अमेरिकेत दिशा बदलणाऱ्या लेनच्या दोन्ही कडांना दुहेरी तुटक पिवळे पट्टे असतात, म्हणजे एकमेकांशेजारी दोन, दोन्ही तुटक. फक्त वळण्यासाठीच्या मधल्या लेनला बाहेरचा पट्टा सलग आणि आतला तुटक असतो. पहिला नमुना दिसला की डोकं वर करून पाटी वाचायची. वार आणि वेळ तिथे लिहिलेले असतात. गाडीतलं घड्याळ बरोबर आहे ना हे महिन्यातून एकदा पाहा, कारण काही मिनिटं पुढे-मागे असलेलं घड्याळ इथे खरोखर चुकीच्या लेनमध्ये नेतं.

समोरून गाडी येण्याचा प्रश्न रास्त आहे. ताशी ४० मैल म्हणजे सेकंदाला जवळजवळ १८ मीटर. दोघं समोरासमोर असतील तर अंतर सेकंदाला ३६ मीटरने घटतं. दीडशे मीटरवर दिसलेली गाडी चार सेकंदांत तुमच्यावर येते. म्हणून गर्दीच्या वेळेच्या काठावरची दहा मिनिटं, अलीकडची आणि पलीकडची, मधली लेन घेऊच नका. उजवीकडच्या लेनमध्ये राहिलात तर उशीर मिनिटभराचा होईल.

डावीकडे वळण्याबद्दल : मोठ्या चौकांत गर्दीच्या वेळी डावीकडे वळायला मनाई असते आणि पाटी तसं सांगते. तिथे तीन उजवी वळणं घ्या. चौक ओलांडून पुढे जा, उजवीकडे वळा, पुन्हा उजवीकडे, पुन्हा उजवीकडे, की आडव्या रस्त्यावर तुम्हाला हवी ती दिशा धरून येता. वाट लांब पडते, पण भर रस्त्यात मधोमध मागच्या गाड्या रोखून उभं राहावं लागत नाही. गल्लीतून सेव्हन्थ स्ट्रीटवर येतानाही उजवीकडे वळून सगळ्यात कडेची लेनच घ्या. मधली लेन आत्ता कुणाची हे तिथून दिसत नाही. आधी कडेला स्थिर व्हा, पाटी वाचा, मग हवं तर आत सरका. ही सवय जगातल्या कुठल्याही अशा रस्त्यावर लागू पडते.

भारतातून नुकतेच आलेल्यांसाठी आणखी एक. मधल्या लेनमध्ये असताना समोरून येणाऱ्या गाड्या तुमच्या डाव्या हाताला असतात. वीस वर्षं समोरची गाडी उजव्या हाताला पाहिलेला डोळा दचकला की हात आपोआप चुकीच्या बाजूला जातो. पहिले काही आठवडे ही लेन नकोच.

प्रश्न : गेल्या लाँग वीकेंडला मुंबई-पुणे द्रुतगती मार्गावर पोलिसांनी घाटात आमची गाडी मुंबईकडे येणाऱ्या बाजूने पुण्याकडे सोडली. हे राँग साइड नाही का? आणि पोलीस नसताना दुभाजक उघडा दिसला तर जाता येईल का?

पोलिसांनी वळवलं तर तो तेवढ्या वेळेपुरता तुमचाच रस्ता, राँग साइड नाही. पद्धत अशी असते की पुण्याकडून येणारी वाहनं घाटाच्या वर थोडा वेळ रोखून धरतात, मुंबईच्या बाजूच्या लेन रिकाम्या होऊ देतात आणि मग पुण्याकडे जाणारी वाहनं तिकडून वर सोडतात. त्यातला सगळ्यात महत्त्वाचा भाग डोळ्यांना दिसत नाही. तो म्हणजे वरचं टोक बंद झालं आहे याची खात्री. ती पोलिसांकडे वायरलेसवर असते, तुमच्याकडे नसते. म्हणून दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर स्पष्ट 'नाही' असं आहे. पुढची गाडी गेली म्हणून जाऊ नका, उघडा दुभाजक दिसला म्हणून तर मुळीच नाही. मोटार वाहन कायद्याच्या कलम १८४ मध्ये २०१९ च्या दुरुस्तीनंतर वाहतुकीच्या ठरलेल्या दिशेविरुद्ध चालवणं हे धोकादायक वाहन चालवण्यात येतं. पहिल्या गुन्ह्याला सहा महिने ते एक वर्ष कैद किंवा १,००० ते ५,००० रुपये दंड, किंवा दोन्ही. पण दंडाची भीती दुय्यम आहे. घाटातून उतरणाऱ्या ट्रकला वळणाआडून तुम्ही दिसता तेव्हा त्याच्या हातात फारसं काही उरलेलं नसतं.

परवानगीने जातानाही तो रस्ता तुमच्यासाठी बांधलेला नाही, हे ध्यानात ठेवा. पाट्यांची पाठ तुमच्याकडे असते, म्हणजे पुढचं वळण किती तीव्र हे कुणी सांगणार नाही. कडेला मुंबईकडे जाणारी एखादी बंद पडलेली गाडी तोंड तुमच्याकडे करून उभी असू शकते. म्हणून :

लो बीम चालू ठेवा, भर दिवसाही. पुढच्या गाडीपासून नेहमीच्या दुप्पट अंतर. ओव्हरटेक बंद, कारण कडेला काय उभं आहे ते पुढची गाडी झाकून टाकते. चढावर गाड्या थांबत-थांबत जात असतील तर हाफ क्लचवर गाडी धरून ठेवू नका. क्लच तापतो, जळका वास येतो आणि मग तुमचीच गाडी त्या उसन्या लेनमध्ये बंद पडते. थांबलात की न्यूट्रल आणि हँडब्रेक. निघताना पहिला गिअर, क्लच पकडेपर्यंत सोडायचा, मग हँडब्रेक खाली. एसी बंद केलात तर इंजिनवरचा भार कमी होतो. फोटोसाठी, मुलांसाठी, कशासाठीही थांबू नका.

वर पोहोचल्यावर मूळ बाजूला परत येताना खरी गडबड होते. तिथे दोन प्रवाह एका फटीतून एकत्र येतात. एक याची, एक त्याची अशी गाडी सोडा.

प्रश्न : उत्तर व्हर्जिनियातल्या ९५ आणि ३९५ या महामार्गांच्या टोलच्या एक्स्प्रेस लेनवर चुकून एक्झिट राहून गेली. मागे घेता आली असती का?

नाही. एक इंचही नाही. सकाळी वॉशिंग्टनकडे आणि दुपारनंतर दक्षिणेकडे वाहणाऱ्या या लेनना एक्झिट कमी आणि लांब लांब आहेत. त्यामुळे चूक महाग वाटते, पण पुढच्या एक्झिटने उतरून वळून येणं एवढंच करायचं. नकाशाचं ॲप लेन सुरू दाखवत असेल आणि प्रवेशावरचं फाटक खाली असेल, तर फाटक खरं. तिघं जण गाडीत असतील आणि टोल वाचवायचा असेल तर गाडीत ई-झेडपास फ्लेक्स हे टोलचं उपकरण हवं आणि त्यावरचं बटण एचओव्हीवर, म्हणजे जास्त माणसं असलेल्या गाडीच्या खुणेवर, सरकवलेलं हवं. साधा ई-झेडपास माणसं मोजत नाही.

एखाद्या रॅम्पवर समोरून हेडलाइट येताना दिसले, म्हणजे तुम्हीच उलटे शिरलात, तर उजव्या कडेला शक्य तितकं बाहेर घेऊन थांबा. हॅझर्ड लाइट आणि हेडलाइट चालू ठेवून ९११ ला फोन करा. घाईत यू-टर्न मारू नका. गाडी आडवी झाली की ती सगळ्यात मोठं निशाण बनते.

प्रश्न : बर्मिंगहॅमच्या ॲस्टन एक्स्प्रेसवेवर एक अख्खी लेन कायम रिकामी सोडलेली असते. ट्रॅफिक तुंबलेलं असताना ती वापरता येईल का?

ती लेनच तिथला दुभाजक आहे. १९७२ साली सुरू झालेल्या या ए३८(एम) रस्त्यावर सात लेन आहेत आणि मध्ये कठडा नाही. गर्दीच्या बाजूला चार, उलट बाजूला दोन आणि मध्ये एक रिकामी. संध्याकाळी गर्दी उलटली की रिकामी लेनही सरकते. तिच्यावर लाल फुली असते. ब्रिटनमध्ये मोटरवेवरची लाल फुली मोडली की १०० पौंड दंड आणि लायसन्सवर तीन पॉइंट. रुग्णवाहिकेला वाट करून द्यायलाही स्वतःहून त्या लेनमध्ये शिरू नका. आपल्या लेनमध्येच कडेला सरका आणि वेग कमी करा.

प्रश्न : न्यू जर्सीहून न्यूयॉर्कच्या लिंकन टनेलकडे जाताना समोरच्या बाजूच्या लेनमधून बस सुसाट येतात. गाडीत चार जण असतील तर ती लेन चालेल का?

नाही. रूट ४९५ वरची सुमारे अडीच मैलांची ती लेन १९७० पासून सकाळच्या गर्दीत फक्त बससाठी आहे. कितीही माणसं असली तरी कारला प्रवेश नाही.

प्रश्न : सॅन फ्रान्सिस्कोच्या गोल्डन गेटवर आणि न्यूझीलंडमधल्या ऑकलंडच्या हार्बर ब्रिजवर मधला कठडाच सरकवतात म्हणे. मग चालकाला वेगळं काय करायचं?

कठडा असला की समोरासमोरची टक्कर जवळजवळ संपते. म्हणूनच गोल्डन गेटवर आधी हाताने लावल्या जाणाऱ्या पिवळ्या नळ्यांच्या जागी जानेवारी २०१५ मध्ये सरकता कठडा आला. ऑकलंडला तो १९९० पासून आहे. काँक्रीट भरलेले तुकडे एकमेकांत अडकवलेले असतात आणि एक लांब यंत्र ते एका बाजूने उचलून दुसऱ्या बाजूला ठेवत जातं. यंत्र चालू असताना त्याच्या शेजारची लेन अरुंद वाटते. तिथे वेग कमी करा आणि लेन बदलू नका. यंत्र पाहायला मान वळवणाऱ्यांमुळे मागून धडका बसतात.

प्रश्न : अशा लेनमध्ये गाडी बंद पडली तर?

हॅझर्ड लाइट लगेच. गाडी थोडीही पुढे सरकत असेल तर तिच्या वेगावरच कडेच्या लेनमध्ये किंवा पुलाबाहेर न्या. न्यूट्रलमध्ये टाकून शंभर मीटर पुढे गेली तरी पुरे. नसेल जात, तर पट्टा बांधून आतच बसा. पुलावर मधल्या लेनमधून उतरून चालणं गाडीत बसण्याहून धोक्याचं. फोन करा : भारतात ११२, अमेरिका-कॅनडात ९११, ब्रिटनमध्ये ९९९, न्यूझीलंडमध्ये १११. सांगताना पहिलं वाक्य 'दिशा बदलणाऱ्या लेनमध्ये आहे, तोंड अमुक दिशेला' असं असू द्या. पुढची वेळ बदलण्याआधी तुमच्यावरचा दिवा दोन्ही बाजूंनी लाल करायचा, हे त्या एका वाक्यावरून नियंत्रण कक्षाला कळतं.