वाचकांचे प्रश्न : ‘पासिंग’ आणि रिबेका हॉल

प्रश्न : ब्रिटिश अभिनेत्री रिबेका हॉल यांनी दिग्दर्शित केलेला ‘पासिंग’ पाहिला. दिसायला पूर्णतः गोऱ्या असलेल्या हॉल यांनी कृष्णवर्णीय स्त्रियांची कथा का निवडली असावी? शिवाय २०२१ मधला चित्रपट कृष्णधवल का?

उत्तर : रिबेका हॉल यांची ओळख बहुधा रॉयल शेक्सपिअर कंपनीचे संस्थापक पीटर हॉल यांची कन्या अशीच करून दिली जाते, त्यामुळे आपणांस आश्चर्य वाटणे स्वाभाविक आहे. त्यांच्या आई मारिया ईविंग या अमेरिकेतल्या डेट्रॉइटमध्ये जन्मलेल्या नामवंत ऑपेरा गायिका. मारिया यांचे वडील कृष्णवर्णीय वंशाचे होते, पण ते गोरे म्हणून वावरले; यालाच इंग्रजीत ‘पासिंग’ म्हणतात. आणि रिबेका यांनी आईला त्याविषयी अनेकदा विचारूनही स्पष्ट उत्तर मिळत नसे. पंचविशीच्या सुमारास अमेरिकन लेखिका नेला लार्सन यांची १९२९ मधली ‘पासिंग’ ही कादंबरी वाचनात आली, तेव्हा आपल्या आजोबांनी काय केले असावे याचा हॉल यांना प्रथमच नीट उलगडा झाला. पटकथा त्यांनी तेव्हाच लिहायला घेतली. चित्रपट उभा राहायला मात्र दशकाहून अधिक काळ गेला. त्यांच्या अधिकाराचा प्रश्न म्हणूनच मला कातडीच्या रंगाशी नव्हे, तर घरात पिढ्यान्‌पिढ्या पाळल्या गेलेल्या मौनाशी जोडलेला वाटतो.

हे मौन भित्रेपणाचे होते असे कोणी म्हणू नये; वंश उघड होणे तेव्हा महागात पडू शकत होते. व्हर्जिनिया राज्याच्या १९२४ च्या कायद्याने गोऱ्या आणि बिगर-गोऱ्या व्यक्तींचा विवाह हा गुन्हा ठरवला होता, आणि असे कायदे अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने रद्द केले ते थेट १९६७ मध्ये. (ज्या लव्हिंग दांपत्यामुळे तो निकाल लागला, त्यातील पत्नीची भूमिका २०१६ च्या ‘लव्हिंग’मध्ये रूथ नेगा यांनी केली होती, ‘पासिंग’मधली क्लेअर, म्हणजे गोरी म्हणून जगणारी कृष्णवर्णीय स्त्री, त्याच.)

आता कृष्णधवल मांडणीविषयी. रंगीत चित्रणात टेसा थॉम्पसन (क्लेअरची मैत्रीण आयरीन) आणि रूथ नेगा यांच्या वर्णाचा निवाडा प्रेक्षकाने पहिल्याच क्षणी करून टाकला असता. येथे मात्र पडद्यावर निव्वळ काळे किंवा पांढरे जवळजवळ काहीच नाही, आहेत त्या करड्या छटा. सुरुवातीला हॅटची कड खाली ओढून, नजर चुकवत गोऱ्यांच्या हॉटेलात बसलेली आयरीन आठवा. प्रखर उजेडात तिचा चेहरा इतका फिका होतो की ती कोण म्हणून खपेल हे आपल्यालाही सांगता येत नाही. पुढे क्लेअरचा नवरा, पत्नीच्या वंशाचा पत्ता नसताना, तिला कृष्णवर्णीयांसाठीच्या शिवीवरूनच लाडाने हाक मारतो आणि आपल्या द्वेषाची उघड कबुली देतो, तेव्हा आयरीन हसते. ते हसणे मला संपूर्ण चित्रपटातले सर्वांत भयंकर वाटते.

चित्रपट पुन्हा पाहणार असाल, तर लक्ष क्लेअरवर नव्हे, आयरीनवर ठेवा. न्यूयॉर्कच्या हार्लेम या कृष्णवर्णीय वस्तीतले घर, डॉक्टर पती, समाजकार्य, हे सारे असलेली ही स्त्री आपण कोण आहोत याविषयी निःशंक असल्याचे दाखवते. परंतु सोयीपुरते गोरे म्हणून वावरण्याचा मोह तिलाही आवरत नाही आणि क्लेअरच्या प्रत्येक भेटीनंतर तिचा तोल ढळत जातो.