फक्त आवाज आणि कंपनांवर चालणारा सांघिक खेळ तयार करता येईल का?

येईल की! गोलबॉल नावाचा असा एक खेळ तयार होऊन पाऊणशे वर्षं उलटलीसुद्धा.

तुम्ही कॉलेजच्या प्रकल्पासाठी जो आराखडा दिलाय त्यात दोन संघ, सगळ्यांच्या डोळ्यांवर पट्टी, सतत वाजणारा स्पीकर बसवलेला चेंडू आणि चेंडू जवळ आला की कमरेला थरथरणारा पट्टा आहे. डोळ्यांवरची पट्टी ठेवा. कमरेचा पट्टा मात्र काढून टाका असं मी म्हणेन.

आधी गोलबॉलबद्दल. ऑस्ट्रियाचे हान्स लोरेन्झेन आणि जर्मनीचे सेप राइंडल यांनी 1946 मध्ये, दुसऱ्या महायुद्धात दृष्टी गमावलेल्या सैनिकांसाठी तो रचला. अंधांचं क्रिकेट म्हणजे डोळस खेळात केलेले बदल. गोलबॉल मात्र पहिल्यापासून कानांसाठीच बेतलेला आहे. 1976 च्या टोरांटो पॅरालिम्पिकपासून तो पदकांच्या यादीत आहे, महिलांसाठी 1984 पासून. 2024 ला पॅरिसमध्ये पुरुषांत जपान आणि महिलांत तुर्की जिंकले.

मैदान 18 बाय 9 मीटर. दोन्ही टोकांना मैदानाच्या पूर्ण रुंदीचा, म्हणजे 9 मीटरचा गोल, उंची 1.3 मीटर. एका बाजूला तीनच खेळाडू. चेंडू हाताने फेकून समोरच्यांच्या गोलात घालायचा, त्यांनी तो अडवायचा. चेंडू सव्वा किलोचा, हवा न भरलेला. त्याला आठ भोकं आणि आत घुंगरं. थोडंफार दिसणाऱ्यांनीही पूर्ण काळोख करणारा चष्मा लावायचा, आणि पंचांना न विचारता त्याला हात लावला तर पेनल्टी. मग नऊ मीटरचा गोल एकट्याने अडवावा लागतो!

आमच्याकडच्या एका अंध शाळेत मी सामन्यांच्या वेळी मदतीला जातो. तिथे पहिलं काम म्हणजे छताचे पंखे बंद करणं, कारण पंख्याच्या घरघरीत घुंगरू हरवतं. दुसरं काम रेषा आखायचं. जमिनीवर दोरा ताणायचा आणि त्यावर चिकटपट्टी मारायची, म्हणजे बोटांना आणि तळव्यांना उंचवटा लागतो. उन्हाळ्यात घामाने पट्टी सुटते आणि दोरा सरकतो. मग एखादी मुलगी खेळ थांबवून सांगते, "सर, रेषा हलली." ती हलल्याचं आम्हा डोळस मंडळींना पत्ताही नसतो. मुलं एकमेकांना जागा कळवायलाही जमिनीवर हात आपटतात. तुमच्या प्रश्नातली कंपनं ती हीच, त्यांना बॅटरी लागत नाही.

आता थोडं गणित. चांगल्या खेळाडूने फेकलेला चेंडू ताशी 60 किलोमीटरच्या आसपास जातो असं धरा. 18 मीटर पार करायला त्याला जेमतेम सेकंदभर लागतो. त्याचा आवाज मात्र सेकंदाच्या विसाव्या भागात पोचलेला असतो. मधल्या वेळात बचाव करणाऱ्याने दिशा ओळखून जमिनीवर आडवं पडायचं. डावीकडचा आवाज डाव्या कानाला आधी पोचतो, फरक फार तर सेकंदाच्या हजाराव्या भागापेक्षाही कमी. तेवढ्यावर मेंदू दिशा काढतो. डावं-उजवं आपल्याला चांगलं कळतं, खाली-वर तितकं नाही. चेंडू फेकणाऱ्याच्याच बाजूच्या पहिल्या 6 मीटरमध्ये जमिनीला टेकलाच पाहिजे, हा नियम मला म्हणूनच फार हुशारीचा वाटतो. सगळा खेळ जमिनीच्या पातळीवर येतो, कानाला झेपेल असा.

खरी गंमत मात्र फसवाफसवीत आहे. चेंडू असलेला संघ तो गुपचूप एकाकडून दुसऱ्याकडे देतो, घुंगरू हलू न देता. एकजण मुद्दाम धपाधप पावलं वाजवत पुढे येतो आणि चेंडू फेकतो भलताच. समोरच्यांनी ठरवायचं, पावलांवर विश्वास ठेवायचा की नाही. पण फेकताना अति आवाज करून समोरच्यांचे कान बुजवलेत, तर त्यालाही पेनल्टी. थापा मारायच्या, पण गोंगाट करायचा नाही.

तुमच्या पट्ट्यावर माझा आक्षेप इथे आहे. चेंडू कुठे आहे हे तो बचाव करणाऱ्याला परस्पर सांगून टाकतो. मग फसवायला उरलं काय? तो म्हणजे पेपर सुरू असताना शेजारून मिळालेली कॉपी. स्पीकरचंही तेच. घुंगरू चेंडू हलला तरच वाजतं, त्यामुळे धरून ठेवलेला चेंडू गप्प असतो. सतत टिकटिकणारा चेंडू लपवताच येत नाही. अमेरिकेत अंधांसाठी बीप बेसबॉल आहे, त्यात असाच चेंडू लागतो, पण तिथे तो गवतात पडलेला शोधायचा असतो, म्हणून ते शोभतं.

कंपन हवंच असेल तर वॉशिंग्टनच्या गॅलॉडेट विद्यापीठाचं उदाहरण घ्या. तिथल्या बधिर विद्यार्थ्यांचा अमेरिकन फुटबॉलचा संघ मैदानाकडेला मोठा ढोल वाजवायचा. डाव कधी सुरू करायचा हे खेळाडूंना त्या ठोक्यांच्या हादऱ्यावरून कळायचं. ढोल एकट्याच्या कानात काही सांगत नव्हता, हादरा समोरच्या संघालाही बसायचाच. आपल्या कबड्डीतही तसंच: 'कबड्डी कबड्डी' पंचांना ऐकू आलंच पाहिजे, दम तुटला की चढाई करणारा बाद. पट्टे आणलेच असतील तर ते पंचांच्या शिट्टीसाठी वापरा, सगळ्यांना एकाच वेळी थरथरतील असे.

प्रकल्पाला पैसे नसतील तर बास्केटबॉल प्लास्टिकच्या कॅरीबॅगेत गुंडाळा आणि तोंड घट्ट बांधा. घरंगळताना चांगली सळसळते. तीन-तीन जण, सुतळी, चिकटपट्टी, गुडघ्याला आणि कोपराला पॅड, एवढं पुरतं. प्रेक्षकांचा नियम मात्र सगळ्यात आधी लिहा: चेंडू खेळात असताना चूप, गोल झाला की हवं तेवढं ओरडा, पंचांनी शांत राहा म्हटलं की पुन्हा चूप. मोबाईल बाहेर ठेवायला लावा. आणि हॉलला पत्रे असतील तर जून ते सप्टेंबर सामना ठेवूच नका, पावसात कॅरीबॅग सोडा, शिट्टीसुद्धा ऐकू येणार नाही.