मॉरिशसची हाफ डे टूर: वाचकांचे प्रश्न

प्रश्न : नमस्कार ताई, आम्ही चौघं ऑक्टोबरमध्ये मॉरिशसला चाललोय, मी, मिस्टर आणि कॉलेजमधली दोन मुलं. हॉटेल ग्रां बे ला आहे. पॅकेजमध्ये एक हाफ डे कल्चरल टूर आहे, त्यात पोर्ट लुई, मार्केट, किल्ला, गंगा तलाव, ज्वालामुखीचं क्रेटर, शमारेलची सात रंगांची माती आणि चहाचा कारखाना, एवढं सगळं लिहिलंय. हे खरंच अर्ध्या दिवसात होतं का? — एक वाचक, डोंबिवली

उत्तर : नाही होत हो. म्हणजे गाडी सगळीकडून फिरते, तुम्ही खिडकीतून बघता, प्रत्येक ठिकाणी पंधरा मिनिटं उतरून फोटो काढता आणि रात्री हॉटेलवर मुलं विचारतात की तो तलाव आधी होता की ते क्रेटर. मॉरिशस नकाशावर ठिपक्याएवढं दिसतं, पण बेट जवळपास ६५ किलोमीटर लांब आणि ४५ किलोमीटर रुंद आहे. तुम्ही उत्तर टोकाला राहताय आणि शमारेल पार नैऋत्येला, मध्ये राजधानीचं ट्रॅफिक, नुसतं तिथे पोचायलाच दीडेक तास धरा. ती यादी पूर्ण दिवसाचीही जास्तच आहे, ब्रोशर छापणाऱ्याला कोण विचारतंय.

माझं म्हणणं सरळ आहे, अर्धा दिवस असेल तर एकच दिशा धरा. तुमच्यासाठी मी फक्त पोर्ट लुई म्हणेन. ग्रां बे पासून अर्ध्या तासाच्या आसपास, पण सकाळी ऑफिसच्या वेळेला रस्ता तुंबतो तेव्हा लवकर निघा. आधी आप्रवासी घाट, म्हणजे भारतातून आलेले करारावरचे मजूर उतरायचे ती जागा, मग त्याला जवळजवळ लागूनच असलेलं गुलामगिरीचं म्युझियम, मग सेंट्रल मार्केटमध्ये खाणं, आणि वेळ उरला तर सिटाडेल किल्ला. तो इंग्रजांनी १८३४ ते १८४० मध्ये बांधला, वरून अख्खं बंदर आणि शान द मार्सचं रेसकोर्स दिसतं, तिथे १८१२ पासून घोडे पळतायत. पोस्टाच्या तिकिटांचा नाद असेल तर किल्ल्याऐवजी ब्लू पेनी म्युझियम घ्या, १८४७ ची ती जगप्रसिद्ध दोन तिकिटं तिथे आहेत, फक्त खऱ्या तिकिटांवर दर तासाला थोडाच वेळ दिवा लावतात, बाकी वेळ प्रतिकृती बघायची, म्हणून गाइडला ती वेळ आधी विचारून ठेवा.

पॅकेजवाल्याला फोन करून सांगा की यादी कमी करा, पैसे तेवढेच घ्या. सहसा तयार होतात, त्यांचं पेट्रोल वाचतं!

प्रश्न : आप्रवासी घाटावर बघण्यासारखं नेमकं काय आहे? व्हिडिओत तर चार पडक्या भिंती आणि दगडी पायऱ्या दिसल्या. मुलांना बोअर होईल असं वाटतं. — एक वाचक, नाशिक

उत्तर : दिसायला तेवढंच आहे, खोटं कशाला सांगू. १८४९ मध्ये बांधलेल्या इमिग्रेशन डेपोचा बराचसा भाग पुढे नष्ट झाला, आता दरवाजा, हॉस्पिटलचा काही भाग, संडासांचे अवशेष आणि सोळा पायऱ्या एवढंच उरलंय. अजिंठा-वेरूळ बघितलेल्या माणसाला दगड म्हणून त्यात काही नाही. पण ती जागा कशासाठी होती हे कळलं की तिथून पाय निघत नाही.

झालं असं की १८३५ मध्ये मॉरिशसमध्ये गुलामगिरी कायद्याने संपणार हे आधीच ठरलं होतं, ऊसमळेवाल्यांना फुकटचे हात मिळणार नव्हते, तेव्हा इंग्रज सरकारने एक प्रयोग केला, गुलामाऐवजी करारावरचा मजूर. २ नोव्हेंबर १८३४ ला ॲटलस नावाच्या जहाजातून कलकत्त्याहून ३६ मजूर उतरले, आणि त्यानंतर १९२० पर्यंत जवळजवळ पाच लाख माणसं आली. प्रयोग मळेवाल्यांना पटला आणि तीच पद्धत पुढे गयाना, त्रिनिदाद, फिजी, दक्षिण आफ्रिकेतल्या नाताळ प्रांतापर्यंत गेली. म्हणूनच २००६ मध्ये युनेस्कोने त्या चार पडक्या भिंतींना जागतिक वारशाचा दर्जा दिला.

करार पाच वर्षांचा, पगार महिन्याला पाच रुपये आणि शिधा. आणि एक दिवस कामावर नाही गेलात तर दोन दिवसांचा पगार कापायचे. हे मुलांना नक्की सांगा, कॉलेजच्या पोरांना हा हिशोब लगेच कळतो. घाटावर उतरल्यावर नोंदणी व्हायची, प्रत्येकाला नंबर मिळायचा, पुढे फोटोही काढायला लागले, आणि एक-दोन दिवसांत मळ्यावर रवानगी. बाजूच्या माहिती केंद्रात हे सगळं नीट मांडलंय, आधी तिथे जा आणि मग पायऱ्यांवर, उलटं केलं तर तुमचा व्हिडिओवाला अनुभव येईल.

एक गोष्ट मला खटकते ती सांगतेच. आपल्याकडच्या बऱ्याच ग्रुपना गाइड घाट दाखवतात, दोन हळव्या गोष्टी सांगतात आणि थेट शॉपिंगला नेतात. जवळच जुन्या मिलिटरी हॉस्पिटलच्या इमारतीत इंटरकॉन्टिनेन्टल स्लेव्हरी म्युझियम आहे, २०२३ मध्ये सुरू झालं, तिकडे फिरकतही नाहीत. आपले लोक यायच्या आधी आफ्रिका आणि मादागास्करहून आणलेल्या गुलामांनी ते बेट उभं केलं, त्यांची नातवंडं-पतवंडंही आज तिथे राहतात. नैऋत्येला ल मॉर्न नावाचा डोंगर आहे, पळून गेलेले गुलाम तिथे लपायचे, त्यालाही २००८ मध्ये युनेस्कोचा दर्जा मिळाला. एक बघून दुसरं सोडलं तर अर्धीच गोष्ट ऐकून परत येणार तुम्ही.

प्रश्न : आमच्या घरात सांगतात की पणजोबांचा भाऊ रत्नागिरीहून मिरीच देशाला गेला तो परत आलाच नाही. मॉरिशसला गेल्यावर अर्ध्या दिवसात त्याचा काही पत्ता लागेल का? — एक वाचक, चिपळूण

उत्तर : अर्ध्या दिवसात नाही, पण अशक्यही नाही. मुंबई बंदरातून गेलेल्यांत कोकणातले आणि घाटावरचे मराठी लोक होते, आज तिथे मराठी समाज आहे, शाळेत मराठी विषय घेता येतो, घरात मात्र बहुतेक क्रिओल बोलतात. नोंदींच्या जुन्या वह्या मोका इथल्या महात्मा गांधी इन्स्टिट्यूटमध्ये आहेत. त्यात नाव, वय, बापाचं नाव, गाव, उंची, जहाज, नंबर असं लिहिलेलं असतं, काहींचा फोटोही असतो. पण तुम्ही टूरच्या गाडीतून उतरून काउंटरवर 'आमचे आजोबा शोधा' म्हटलं तर काही होणार नाही. आधी लिहून विचारा, आणि घरातून जेवढं गोळा करता येईल तेवढं करा, साधारण कुठल्या साली गेला, बापाचं नाव काय, गाव आणि तालुका कोणता. स्पेलिंगचा भरवसा ठेवू नका, इंग्रज किंवा फ्रेंच कारकुनाच्या कानाला जे ऐकू आलं ते त्याने लिहिलं. आणि आडनावावरून शोधू नका, तिथे पुष्कळ घरांत एखाद्या पूर्वजाचं पहिलं नावच पुढे आडनाव झालंय, तेव्हा तुमचं आडनाव तिथे कोणाचं नसलं तरी नातेवाईक असू शकतात!

प्रश्न : आई-बाबा सत्तरीचे आहेत, आईला देवदर्शन हवंच आणि जेवण शुद्ध शाकाहारी. पोर्ट लुईपेक्षा गंगा तलाव बरा नाही का? — एक वाचक, सोलापूर

उत्तर : तुमच्यासाठी गंगा तलावच. मी वर एकच दिशा धरा म्हटलं ना, तुमची दिशा दक्षिण. क्युरपीपला ट्रू ओ सर्फ हे क्रेटर वाटेतच पडतं, गाडी वरपर्यंत जाते, मग गंगा तलाव, आणि परत येताना बुआ शेरीला चहा. चढण जवळजवळ नाही.

तलाव म्हणजे पण एका जुन्या ज्वालामुखीचं तोंडच. १८९७ च्या सुमारास त्रिओले गावच्या एका पुजाऱ्याला या पाण्याचं स्वप्न पडलं अशी गोष्ट सांगतात, तेव्हापासून महाशिवरात्रीला बेटाच्या कानाकोपऱ्यातून लोक कावडी घेऊन चालत येतात. १९७२ मध्ये गंगेचं पाणी आणून त्यात ओतलं. वाटेवरची शंकराची उभी मूर्ती १०८ फूट आहे, वडोदऱ्याच्या सूरसागर तलावातल्या मूर्तीवरून केलेली. शिवरात्रीच्या दिवसांत मात्र वयस्कर माणसांना घेऊन जाऊ नका, रस्ताभर माणसंच माणसं असतात. एरवी थंडी आणि पाऊस तिथे किनाऱ्यापेक्षा जास्त, बीचवर ऊन असलं तरी आईंना शाल आणि छत्री द्याच. माकडं आहेत, प्रसादाची पिशवी हातात लोंबकळवू नका.

जेवणाचं टेन्शन घेऊ नका. ढोल पुरी मिळाली की झालं, आत चण्यासारख्या पिवळ्या डाळीचं सारण, म्हणजे गूळ न घातलेली पुरणपोळीच समजा, दोन-दोनच्या जोडीने देतात, वर घेवड्याची रस्साभाजी, टोमॅटोची रुगाय आणि चटणी. गातो पिमां म्हणजे डाळीचे तिखट वडे. सब्जा घातलेलं थंड अलूदा प्या, पण त्यात आइस्क्रीम आणि जेली असते, बाबांना शुगर असेल तर त्यांना नको. शाकाहारी आहे का हे गाडीवाल्याला विचारायला सांगा, आणि मासा चालत नाही हे वेगळं सांगा, काही जणांच्या हिशोबात मासा म्हणजे मांस नाही.

प्रश्न : गेल्या वर्षी ग्रुपबरोबर गेलो तेव्हा गाइडने चार तासांपैकी अर्धा वेळ जहाजांच्या मॉडेलच्या दुकानात आणि हिऱ्यांच्या शोरूममध्ये घालवला. यावेळी भाऊ जातोय, त्याने काय करावं? — एक वाचक, पुणे

उत्तर : बुकिंगच्या वेळीच व्हॉट्सॲपवर लिहून घ्यायचं, दुकानाचा थांबा नको. बोलून नाही, लिहून. लहान जहाजांची मॉडेलं तिथे सुंदर करतात, ज्याला घ्यायचंय त्याने जरूर घ्यावं, पण दुकानात कमिशन असतं आणि तुमचा वेळ त्यात जातो.

दुसरं, ड्रायव्हर आणि गाइड हे एक नव्हे. खूप ठिकाणी गाडी चालवणाराच दोन वाक्यं सांगतो आणि त्यालाच गाइडेड टूर म्हणतात. लायसन्स असलेला गाइड आहे का, आणि तो घाटाच्या आत तुमच्याबरोबर येणार की गेटवर सोडून पार्किंगमध्ये थांबणार, हे दोन प्रश्न विचारले की समोरच्याचं उत्तर ऐकूनच कळतं. हिंदी बोलणारे गाइड सहज मिळतात, भावाने आधीच हिंदी मागून घ्यावा. मराठी मागून बघायला हरकत नाही, मिळाला तर नशीब.

प्रश्न : आम्ही गणपतीत जातोय, तिथेही गणपती असतात म्हणे. टूरमध्ये बघायला मिळेल का? — एक वाचक, सावंतवाडी

उत्तर : असतात ना! तिथला पहिला गणपती १८९६ मध्ये हेनरिएटा गावात बसला असं सांगतात, आणि आज गणेश चतुर्थीची तिथे सरकारी सुट्टी असते. फ्लिक अँ फ्लाकजवळच्या कास्कावेल गावात मराठी वस्ती आहे, आपल्या जाखडीच्या वळणाचा झाकरी नाच बघायला मिळाला तर सोडू नका. ठरलेल्या टूरमध्ये हे नसतं, हॉटेलच्या स्टाफमध्ये कोणी मराठी आहे का विचारा, बोलावणं तिथूनच येतं. मंडपात कोणाचा फोटो काढायच्या आधी विचारा, नारळ आणि फुलं घेऊन जा.

फक्त सुट्टीच्या दिवशी आप्रवासी घाट बंद, रविवारीही बंद, आणि शनिवारी लवकर आटोपतात, तेव्हा पोर्ट लुईची टूर त्या आठवड्यातल्या दुसऱ्या कुठल्यातरी वारी ठेवा.