वाचकांचे प्रश्न : कथापटाकडून गुऱ्हाळाकडे

प्रश्न : दोन लघुकथापट केलेत. आता इथल्या गुऱ्हाळावर माहितीपट करायचा आहे, हाताशी वीस दिवस आहेत. तीच तयारी पुरेल का?
– एक वाचक, निपाणी

उत्तर : नाही पुरणार. कथापटाचा बराचसा खर्च पटकथेतच ठरून जातो. माहितीपटाचा खरा हिशेब शूटिंग संपल्यावर सुरू होतो. रोज ३ तास धरले तरी ६० तासांचं चित्रीकरण होतं. सेकंदाला १०० मेगाबिटने चित्रित केलं तर तासाला ४५ जीबी, म्हणजे २.७ टीबी. तेव्हा ४ टीबीच्या दोन डिस्क आधीच घ्या आणि दुसरी प्रत दुसऱ्या घरी ठेवा. संकलनाला शूटिंगच्या तिप्पट दिवस राखा.

गुऱ्हाळात पहिला फटका बसतो आवाजाला. चरक (उसाचा रस काढणारं यंत्र) चालू असताना गुळव्याची, म्हणजे गूळ बनवणाऱ्याची मुलाखत घेऊ नका. चरक थांबेल तेव्हा घ्या, नाहीतर त्याला उसाच्या आडोशाला लांब न्या. कॉलर माइक हनुवटीखाली वीतभर, मीटरवर आवाजाची टोकं उणे १२ डेसिबलच्या आसपास. शेवटी त्या जागेचा नुसता आवाज मिनिटभर घ्या, संकलनातले सांधे त्यानेच बुजतात. पहाटेच्या गारठ्यातून वाफेत शिरलं की लेन्स घामेजते, म्हणून कॅमेरा बंद पिशवीतच २०–३० मिनिटं आत राहू द्या. व्हाइट बॅलन्स (कॅमेऱ्याचा रंगांचा समतोल) ऑटोवर असला तर चुलाणाचा जाळ भडकताच गुळाचा रंग बदलतो; तो लॉक करा. ट्यूबलाइटखाली सेकंदाला २५ फ्रेम आणि शटर १/५० सेकंद ठेवा, नाहीतर चित्र लुकलुकतं.

सगळ्यात महत्त्वाचं, ‘परत एकदा करा’ म्हणू नका. आधण, म्हणजे एका वेळी उकळलेला रस, उतरवताना गूळ ११८ अंशांच्या आसपास असतो, तुमच्या शॉटसाठी कुणी भाजता कामा नये. पहिलं आधण नुसतं पाहा : गुळव्या कुठे उभा राहतो, रसावरची मळी कुठे टाकतात, काहील (रस उकळण्याची मोठी कढई) कुठल्या अंगाला कलते. कॅमेरा दुसऱ्या आधणाला काढा.

प्रश्न : माहितीपटातल्या कामगाराच्या आयुष्यावर पुढे कथापट केला तर चालेल का?
– एक वाचक, चिकोडी

उत्तर : त्याची वेगळी लेखी संमती घ्या. माहितीपटाच्या कागदात कथापट गृहीत धरणं अन्यायाचं आहे. मजकूर मराठी किंवा कानडी, ज्याला जी भाषा जवळची तिच्यात वाचून दाखवा आणि होकार कॅमेऱ्यावरही नोंदवा. इकडे मराठीत सुरू झालेलं वाक्य कानडीत संपतं. मुलाखत उतरवताना ते तसंच ठेवा, सबटायटल त्याच गावातल्या माणसाकडून तपासून घ्या.

प्रश्न : प्रमाणपत्र आधी की महोत्सव?
– एक वाचक, बेळगाव

उत्तर : आधी महोत्सवांचे नियम वाचा, कारण काहींना यूट्यूबवर टाकलेला चित्रपट चालत नाही. चित्रपटगृहात दाखवायचा असेल तर सेन्सॉरचं प्रमाणपत्र लागतंच. सेन्सॉर मंडळाचं प्रादेशिक कार्यालय बेंगळुरूत आहे. मुंबईचा आंतरराष्ट्रीय महोत्सव १९९० पासून माहितीपट आणि लघुकथापट दोन्ही घेतो, पण तो दोन वर्षांतून एकदा भरतो. त्याची तारीख पाहूनच संकलनाचं वेळापत्रक आखा.