जुन्या टीव्हीगेमची मजा कोडीवर

प्रश्न: दादा, रास्पबेरी पाय ४ या छोट्या कॉम्प्युटरवर लिबरइलेक ही सिस्टिम टाकून कोडी हे पिक्चर-गाणी दाखवणारं सॉफ्टवेअर टीव्हीवर चालवतोय, पिक्चर मस्त दिसतात. आता पोरांना आमच्या लहानपणीचं कॉन्ट्रा, मारिओ दाखवायचंय, पण फाइल कॉपी केली तरी कोडीत गेम दिसतच नाहीत. काय चुकतंय? – एक वाचक, सातारा

उत्तर: तुमचं काही चुकलेलं नाही हो, कोडीत २०१९ च्या १८ व्या व्हर्जनपासून गेम चालतात पण नुसती फाइल टाकून भागत नाही, ती चालवायला एम्युलेटर, म्हणजे जुन्या गेम मशीनची नक्कल करणारा प्रोग्राम, लागतो. आधी सेटिंग्जमधल्या गेम्समध्ये जाऊन गेम चालू करायचा पर्याय ऑन आहे ना बघा, मग अ‍ॅड-ऑन्समधून (कोडीत जोडायच्या जादा प्रोग्रामांमधून) नेस्टोपिया नावाचा एम्युलेटर टाका, आपल्याकडचे ते पिवळ्या कॅसेटवाले टीव्हीगेम म्हणजे निन्टेंडोच्या १९८३ च्या फॅमिकॉम या गेम मशीनच्याच नकला, त्यामुळे त्या गेमांना हाच चालतो. मग गेम्समध्ये जाऊन तुमचं फोल्डर जोडा.

कंट्रोलरला मात्र वेळ द्या. सिस्टिम, इनपुटमध्ये त्याचं सेटिंग आहे, स्क्रीनवर जे बटण चमकेल तेच हातातलं दाबायचं, घाईत ए आणि बी उलटे झाले की मारिओ उडीऐवजी पळतो आणि पोरं वैतागतात. उडी उशिरा लागतेय वाटलं तर टीव्हीचा गेम मोड लावा, बऱ्याचदा दोष रास्पबेरी पायचा नसतो, टीव्ही चित्र सुधारत बसतो त्याचा असतो.

आणि एक मनापासून सांगतो, नेटवरून कुठूनही गेम उतरवू नका, कॉपीराइट अजून आहेत. हौशी लोक आजही फॅमिकॉमसाठी नवे गेम बनवून फुकट देतात, सुरुवात त्यांनी करा, खरंच भारी असतात.