पक्षाघातानंतर पत्ते, खेळ, बागकाम: उपचार की टाइमपास?

तुमच्या वडिलांना पक्षाघात होऊन दोन महिने झाले, थेरपिस्ट म्हणतात 'पत्ते खेळू द्या, कुंड्या करू द्या', आणि तुमचा प्रश्न असा की याचे पैसे कशाला मोजायचे. आमच्या घरातलं सांगतो.

आई इथे सोलापुरात चाळीस वर्षं विड्या वळायची, दिवसाला हजार. तीन वर्षांपूर्वी झटका आला आणि नेमका उजवा हात गेला. दवाखान्यात रंगीत खुंट्या भोकांत घालायला दिल्या तर म्हणाली, "मला बालवाडीत घातलं का रे?" मूठ तीस वेळा उघडमीट करायची असायची, ती दहाला थांबायची.

मग थेरपिस्टबाईंनी विचारलं, लहानपणी काय खेळायचात? सागरगोटे! मधल्या मारुतीजवळच्या काष्ठौषधीच्या दुकानातून पाच आणले. पहिले पंधरा दिवस उडवायचे नाहीतच, सतरंजीवरून उचलून वाटीत टाकायचे. गोटा गुळगुळीत, चिमटीतून निसटून थेट पलंगाखाली. समोर माझी लेक दम द्यायला बसलेली, "आजी, डावा हात लावायचा नाही हं!" एकदा मी गुपचूप मोजलं. अर्ध्या तासात शंभरच्या वर उचलले होते, आईच्या गावीही नव्हतं.

झटक्यात मेंदूचा जो भाग मरतो, त्याचं काम काही प्रमाणात दुसरे भाग शिकून घेतात. पण त्यासाठी तीच हालचाल शेकडो वेळा, काहीतरी साधायच्या ओढीनं व्हावी लागते. शिवाय पक्षाघातानंतर साधारण तिघांतल्या एकाला नैराश्य येतं. मग व्यायाम कोण करतो?

हे नवं खूळही नाही. आपले मुरलीकांत पेटकर १९६५च्या युद्धात गोळ्या लागून जायबंदी झाले, तेव्हा पोहायला लागले ते उपचार म्हणून. १९७२ला हायडेलबर्गच्या पॅरालिंपिकमध्ये ५० मीटर फ्रीस्टाइलचं सुवर्ण आणलं.

औषधं आणि फिजिओ मात्र सोडू नका. भावानं हौसेनं रबरी बॉल आणला होता, आईची बोटं आखडत होती म्हणून बाईंनी तो बंद करायला लावला. कोणता खेळ, किती अवघड, कधी वाढवायचा, हे बघण्याचे ते पैसे.

आईची सही अजून वाकडी येते, पण निऱ्या तिच्या तीच घालते.

आणि वडिलांना मुळात पत्ते आवडतात का? आजाराआधी संध्याकाळी ते काय करायचे, हे थेरपिस्टना सांगितलंय का?