पाठीमागचा शिक्का

अनेक आशीर्वाद.

तुझा मेल आला, चौदाही फोटो पाहिले. जुन्या बाजारातून किलोच्या भावाने आणलेल्या अल्बममधली लग्नं पुन्हा टिपायची, भिंतभर मोठी करायची, आणि वर तुझा प्रश्न : याला माझं काम म्हणता येईल का? येईल की. त्याची कसली काळजी करतोस!

शेरी लेव्हीन या अमेरिकी कलावंत बाईने १९८१ साली न्यूयॉर्कमध्ये वॉकर एव्हान्स या नामवंत छायाचित्रकाराचे फोटो कॅटलॉगमधून जसेच्या तसे टिपले आणि स्वतःच्या नावावर मांडले. अस्सल कशाला म्हणायचं, हा तिचा सवाल होता. पण त्यातला सगळ्यात गाजलेला चेहरा एकदा निवांत बघ. अ‍ॅली मे बरोज, अलाबामात अर्धेलीने कापूस पिकवणाऱ्या घरातली. मागे लाकडी फळ्यांची भिंत, ओठ घट्ट मिटलेले, कपाळाला आठी. एव्हान्सने तो फोटो १९३६ मध्ये काढला. १९४१ मध्ये तो ज्या पुस्तकात आला, त्यात तिचं नावसुद्धा बदललेलं होतं. पुढे वाद रंगला तो लेव्हीन आणि एव्हान्सचा. त्या वादात त्या बाईचा विचार कुणी केल्याचं माझ्या वाचनात नाही.

रिचर्ड प्रिन्स हा दुसरा अमेरिकी कलावंत. तो टाइम-लाइफ या मासिकांच्या कंपनीत कात्रणं काढायचा. लेख कापून दिले की हाती उरायच्या जाहिराती. मार्लबोरो सिगारेटच्या जाहिरातींतला मजकूर वगळून त्याने नुसता घोडेस्वार पुन्हा टिपला. त्यातला १९८९ चा एक फोटो २००५ मध्ये लिलावात दहा लाख डॉलरच्या वर गेला. मला ते काम आवडतं, कारण त्यात चिमटा बसतो तो सिगारेट कंपनीला. २०१४ मध्ये मात्र त्याने इन्स्टाग्रामवरच्या लोकांचे फोटो छापून विकले, तेव्हा माझं मन उडालं. कृती तीच, पण समोरचा माणूस वेगळा.

कोर्टाच्या भानगडीत फार शिरू नकोस. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने २०२३ मध्ये लिन गोल्डस्मिथ या छायाचित्रकर्तीच्या फोटोवरून चित्रकार अँडी वॉरहॉलने केलेल्या चित्राच्या वादात तिच्या बाजूने निकाल दिला, तोही मासिकाला चित्र वापरायला देण्यापुरता. आपल्याकडे कॉपीराइटचा कायदा १९५७ चा, त्याचं गणित वेगळं. प्रदर्शनाआधी वकिलाला एकदा विचार, बस्स.

माझी एक चूक सांगतो. माझ्याकडे एका मुलीचा जुना स्टुडिओतला फोटो होता, जाड पुठ्ठ्यावर डकवलेला. खाली स्टुडिओचं नाव सोनेरी अक्षरांत. ते मला चौकटीत खुपत होतं, म्हणून पट्टी कापली आणि टाकून दिली. फोटो प्रदर्शनात लागला, कौतुकही झालं. एका म्हाताऱ्या गृहस्थांनी विचारलं, "कुठल्या गावचा हो?" माझ्याकडे उत्तर नव्हतं. होतं ते मीच कात्रीने कापलं होतं.

तू पाठवलेल्या सातव्या फोटोत नवरीच्या शेजारची करवली हलली आहे, चेहऱ्याच्या जागी नुसता पांढरा फराटा. ती चूक तशीच मोठी कर, फोटोशॉपमध्ये साफ करत बसू नकोस. आणि चौदाही फोटोंच्या पाठी स्कॅन करून पाठव. शिक्का, पेन्सिलीने लिहिलेली तारीख, वाळलेली खळ, जे असेल ते. अल्बम विकणाऱ्यालाही विचार, माल कुठल्या घरातून आला. बहुतेक तो सांगणार नाही. तरी विचार.

पाठी आल्या की फोन करतो.